चार उलटे बाण

थेक्ला नोल बटाटे सोलत होती, तेव्हा दार वाजलं. तिचं ऑफिस म्हणजे तिचं स्वयंपाकघरच. विमा कंपनीत अपघातांची पाहणी करण्यात तिचा जन्म गेला, आणि आता ती तीच कामं खाजगीत घेत असे. टेबलापाशी तिचा मेव्हणा एगॉन बसला होता. बायको गेल्यापासून हा निवृत्त बेकरीवाला दुपारचं जेवायला इकडेच येई आणि त्या बदल्यात थेक्लाची गाडी चालवी.

दारात पंचविशीची एक मुलगी उभी होती. नखांत काळं आणि डोळे सुजलेले.

"मी मारायके लायेनडेकर. थोनेसच्या टायरच्या दुकानात काम करते. म्हणजे करत होते."

"बस. जेवलीस का?"

"भूक नाही हो."

"भूक कोण विचारतंय? बस आधी."

मारायके बसली आणि घडाघडा बोलू लागली. तिचा बाप, ओटमार लायेनडेकर, गावातल्या मोटार क्लबचा जुना शर्यतवीर. शुक्रवारी तिनेच त्याच्या स्पोर्ट्स गाडीला शर्यतीचे कोरे करकरीत टायर चढवले. शनिवारी तो डोंगरातल्या शर्यतमार्गावर दिवसभर सराव करून आला, ऊन होतं, सगळं झकास झालं. सोमवारी सकाळी धो धो पावसात घाट उतरताना गाडी पाण्यावरून घसरली आणि दरडीवर आपटली. ओटमारचं कंबरडं मोडलं. जीव वाचला एवढंच.

"मग तपासनीस आला," ती म्हणाली. "त्याने पाहिलं तर चारही टायर उलटे. बाण मागे."

एगॉनने चमचा खाली ठेवला. "कसले बाण?"

"काही टायर एकाच दिशेने फिरायला केलेले असतात, भावोजी," थेक्ला म्हणाली. "त्यांच्यावरच्या खाचा पाणी बाहेर फेकतात. बाजूला बाण असतो, तो पुढच्या दिशेला यायला हवा. उलटा बसला तर कोरड्यात काही कळत नाही, पण पावसात तोच टायर पाणी आपल्याच खाली ओढतो."

"डावीकडची चाकं उजवीकडे लावली की झालं," मारायके म्हणाली. "थोनेससाहेब म्हणतात, तू दोन ढीग केलेस आणि गाडीशी नेताना अदलाबदल केलीस. पोलिसांनी निष्काळजीपणाचा गुन्हा लावलाय. नोव्हेंबरात माझी उस्तादकीची, म्हणजे स्वतःचं दुकान काढायच्या परवान्याची परीक्षा आहे, तिला आता कोण बसू देणार मला? पण ते जाऊ दे." तिचा आवाज फाटला. "मी रोज इतकी चाकं लावते की त्या दिवशीचे बाण पाहिलेले मला आठवतच नाहीत. मला सोडवा असं म्हणत नाही मी. मला फक्त सांगा, बाबांना मीच मोडलं का?"

"आणि बाबा काय म्हणतात?"

"त्यांना शनिवारनंतरचं काही आठवत नाही."

थेक्लाने बटाट्यांवर झाकण ठेवलं. "भावोजी, गाडी काढा."

"जेवण?"

"पळून नाही जात ते."

चेचलेली गाडी थोनेसच्या दुकानामागच्या आवारात उभी होती. चाकं तपासनिसाने काढून, पाहून, परत जागच्या जागी लावली होती. गिसबर्ट थोनेस हा जाडजूड माणूस दाराशीच हात कमरेवर ठेवून उभा राहिला.

"पोरगी कामाची होती, मी नाही म्हणत नाही," तो म्हणाला. "पण चूक ती चूक. माझ्या पाटीला काळं लागलं."

थेक्ला गाडीपाशी उकिडवी बसली आणि एकेका टायरवरून तळहात फिरवू लागली. उजवीकडच्या दोन्ही टायरांची बाहेरची कड घासून गुळगुळीत झाली होती, रबर जागोजागी सोलवटलं होतं. डावीकडच्या टायरांच्या कडेवर मात्र नव्या टायरला असतात ते रबराचे केस अजून शाबूत होते.

"उजवे बरेच झिजलेत," एगॉन म्हणाला.

"हं," थेक्ला म्हणाली. "थोनेस, चाकांचे बोल्ट कसे होते? ढिले?"

"छे! सगळे अगदी सारखे, मापात घट्ट. फक्त कुलपी बोल्टांनी रडवलं आम्हाला. प्रत्येक चाकाला चोरीच्या भीतीने एक कुलपी बोल्ट असतो ना, त्याची किल्लीच सापडेना. अंगठ्याएवढा पोलादाचा तुकडा. पोरगी म्हणते, गाडीतच, डॅशबोर्डच्या खणात ठेवली होती. कुठली ठेवतेय! शेवटी बोल्ट फोडून काढावे लागले."

"शुक्रवारनंतर कोणी चाकं काढली असतील तर?"

थोनेस हसला. "वीस बोल्ट आहेत, बाई. हवेची गन लागते. ती वाजली की अख्ख्या आळीला कळतं. विचारा जाऊन शेजारणीला, पोलिसांनीही विचारलं तिला."

शेजारीण म्हणजे बाकेसबाई. ओटमारच्या घराच्या गॅरेजला लागूनच तिची बाग होती. प्रश्न विचारायच्या आधीच तिने कॉफी ओतली.

"आवाज? रविवारी? माझ्या शेजारी?" तिने डोळे मोठे केले. "रविवारी आवाज करायला बंदी आहे इथे. मागे एका भाडेकरूने ड्रिल चालवलं होतं. तो आता दुसऱ्या गावात राहतो. नाही हो, चिडीचूप होतं. मी बागेत प्लमचा केक मांडला होता. ओटमारचा मित्र हार्टविग नातीच्या बाप्तिस्म्याला गेलेला, तो आला रात्री, केक संपल्यावर. ओटमार तेवढा आला. त्याच्यावर माझा राग आहे जरा."

"का बरं?"

"पांढऱ्या उशीवर बसला, वर तिच्यावर गुडघे टेकून मांजराला कुंपणातून ओढून काढलं. दोन काळे डाग! आणि हाताला गॅरेजातल्या त्या रेताड साबणाचा लिंबाचा वास. माझ्या केकचा वासच मारला गेला."

"बागकाम केलं असेल," एगॉन म्हणाला.

"ओटमार? त्याच्या बागेत रानगवतसुद्धा कंटाळून सुकतं."

परत येताना एगॉनने गाडीतच निकाल देऊन टाकला. "हार्टविग. मी सांगतो तुला. क्लबात दुसरा नंबर त्याचा, पहिला ओटमारचा. गॅरेज दोघांचं एकच, त्याच्याकडेही चावी. रात्री आला म्हणे! केक संपल्यावर आला आणि चाकं फिरवून गेला."

"चला, त्यालाच विचारू."

हार्टविग प्यूट्स त्या गॅरेजातच सापडला. सत्तरीचा, काटक, आणि मित्राच्या आठवणीने हळवा झालेला. भिंतीवर दोन रांगांत हत्यारं टांगलेली. डावी रांग ओटमारची, उजवी हार्टविगची, मध्ये खडूची रेघ.

"आम्ही चाळीस वर्षं एकमेकांना हरवतोय," तो म्हणाला. "त्याला पावसात घाटात पाडून मला काय मिळणार? क्लबात एकटाच फिरू?"

"शर्यतमार्गावर टायर फार झिजून जातात का?"

"डावे जातात. मार्ग घड्याळाच्या काट्यांसारखा फिरतो, मोठी वळणं सगळी उजवीकडची. भार पडतो डाव्या चाकांवर. पूर्वी आम्ही सराव झाला की दुसऱ्या दिवशी डावी उजवीकडे, उजवी डावीकडे करायचो. झीज सारखी व्हायची. तेव्हाच्या टायरांना दिशाबिशा नव्हती हो. आता तसं करायचं तर टायर रिमवरून उतरवून उलटे चढवावे लागतात, ते यंत्राशिवाय होत नाही."

"हे सगळ्यांना माहीत आहे?"

"म्हणजे काय! ओटमार तर क्लबाचा तपासणी प्रमुख. गेल्या वर्षी एका पोराचा एक बाण उलटा होता, तर याने त्याला सगळ्यांसमोर धुतला. म्हणाला, ज्याला बाण वाचता येत नसेल त्याने सायकल चालवावी. पोर रडत गेलं घरी."

"ओटमारची गाडी तुम्ही कधी चालवता?"

"ती? चावी तो गळ्यात घालून झोपतो. गाडी धुणाऱ्यालासुद्धा हातात देत नाही, स्वतः उघडून देतो."

थेक्ला डाव्या रांगेपाशी गेली. तिथे ठरावीक जोर आला की टक् करणारा लांब टॉर्क पाना होता. तिने तो काढला, त्याच्या तोंडात बोट घातलं, आणि हार्टविगला विचारून तो पिशवीत घातला.

"बघ! मी म्हटलं नव्हतं?" बाहेर पडताच एगॉन कुजबुजला. "काहीतरी सापडलं ना?"

"सापडलं. आणि मला ते सापडायला नको होतं, भावोजी."

दुसऱ्या दिवशी दुपारी इस्पितळात ओटमारच्या खाटेभोवती सगळे जमले. थोनेसला थेक्लाने मुद्दाम बोलावलं होतं. मारायके बापाच्या उशाशी बसली होती. ओटमार राखाडी मिशांचा, भारदस्त माणूस, प्लास्टरमध्येही मान ताठ.

"सापडला का माझा वैरी?" त्याने विचारलं.

"टायरांपासून सुरुवात करते," थेक्ला म्हणाली. "मारायकेने शुक्रवारी चाकं उलटी लावली असती, तर शनिवारी ती उलटीच धावली असती. तरीही झीज व्हायला हवी होती ती डाव्या बाजूच्या टायरांना. मार्गच तसा आहे. पण आज झिजलेली चाकं उजवीकडे आहेत, आणि डावीकडच्यांचे केसही गेलेले नाहीत. म्हणजे ही झिजलेली चाकं शनिवारी डावीकडे होती. आणि तिथे त्यांचे बाण पुढेच होते. थोनेस, बरोबर?"

थोनेसने मनातल्या मनात चाकं फिरवून पाहिली. त्याचं तोंड उघडं पडलं. "आयला. बरोबर."

"मुली, तू चाकं बरोबर लावली होतीस. शनिवारच्या सरावानंतर ती कोणीतरी बदलली."

मारायकेने दोन्ही हातांनी तोंड झाकलं.

"पण आवाज?" थोनेस म्हणाला. "गन?"

"आपल्या गावात रविवारी गन कोण वाजवेल? बाकेसबाईच्या कुंपणाशी? इथला माणूस रविवारी काम करेल ते हातानेच. शांतता होती म्हणून काम झालं नाही असं तुम्ही सगळ्यांनी धरलंत. हाताच्या पान्याने वीस बोल्ट काढायला दुपार लागते, गुडघे काळे होतात, हात रेताड साबणाने धुवावे लागतात. पण आवाज होत नाही."

एगॉन हळूच म्हणाला, "उशी..."

"मग मी विचार केला, हा वैरी आहे का? वैऱ्याने बोल्ट ढिले सोडले असते. याने एकेक बोल्ट मापाने आवळला. या माणसाला गाडीतला माणूस सुखरूप हवा होता. त्याला फक्त टायर वाचवायचे होते, जुन्या सवयीने, डावं उजवीकडे. आणि कुलपी बोल्टाची किल्ली गाडीत होती. गाडी उघडू शकणारा माणूस एकच."

थेक्लाने पिशवीतून पाना काढला आणि उलटा करून पांघरुणावर आपटला. त्याच्या तोंडातून पोलादाचा छोटा तुकडा घरंगळला.

"शेवटचा बोल्ट आवळला की ही किल्ली पान्यातच अडकून राहते. टायरवाल्यांची नेहमीची चूक. पाना भिंतीवर जातो आणि किल्ली त्याच्याबरोबर. हा पाना डाव्या रांगेतला आहे, लायेनडेकर."

ओटमारची मान पहिल्यांदा उशीला टेकली.

"मी बाण पाहिलेच नाहीत," तो म्हणाला. "हात आपोआप चालले. चाळीस वर्षं तेच केलं होतं ना. मला आठवलं ते इथे शुद्धीवर आल्यावर. तपासनीस समोर उभा होता आणि म्हणाला, टायर उलटे होते. मला वाटलं, क्लबात सगळे हसतील. त्या पोराचा बापसुद्धा."

"आणि मुलीचं काय?" एगॉनचा आवाज चढला. हा माणूस कधी कोणावर ओरडत नसे.

"ती तरुण आहे. मला वाटलं, तिचं निभावेल. शिकणाऱ्याची चूक लोक विसरतात. माझी विसरले नसते."

मारायके उभी राहिली. रडत नव्हती.

"बाबा, मी रोज संध्याकाळी इथे बसून तुमची माफी मागत होते. रोज! आणि तुम्ही माझ्या डोक्यावर हात ठेवून काय म्हणायचात? 'जाऊ दे गं, मी केलं माफ.' तुम्ही मला माफ करत होतात!"

ओटमारने डोळे मिटून घेतले. "मारायके..."

"लाज नाही वाटली हो तुम्हाला?"

"वाटली. दर वेळी वाटली. आणि दर वेळी पुढच्या दिवशी सांगणं आणखी अवघड झालं."

थोनेस खाकरला. "पोरी, तू सोमवारी कामावर..."

"तुमच्याशी नंतर बोलते, साहेब. तुम्हीही विचारलं नव्हतंत मला." तिने खिशातून फोन काढला, पोलीस चौकीचा नंबर लावला आणि फोन बापाच्या हातात दिला.

"तुम्हीच सांगा. मी नाही सांगणार तुमच्यासाठी."

ओटमारने फोन कानाला लावला. मारायके खिडकीशी जाऊन पाठमोरी उभी राहिली. ती गेली नाही, वळूनही पाहिलं नाही.

"मी ओटमार लायेनडेकर," तो म्हणाला, आणि घसा साफ करून पुन्हा म्हणाला, जरा मोठ्याने, तिला ऐकू जाईल असं, "माझ्या मुलीने काहीही चुकीचं केलेलं नाही. चाकं मी बदलली होती."