छत्तिसाव्या फेरीची चिठ्ठी

अमेरिका, १८०१. टॉमस जेफरसन आणि आरन बर, दोघांना सारखीच मतं.

भालकीची अभ्यासिका. चालू पंखा एकच, त्याखाली खुर्ची एकच.

गावाबाहेर निघालेल्या जीपमध्ये एका कापडी पिशवीत सहा मोबाइल. सगळे बंद.

अभ्यासिकेतल्या त्या खुर्चीवर रेणुकानं बॅग ठेवली आणि त्याच क्षणी शिवराजनं पुस्तक.

"काय वाचायलास?"

"अमेरिका. पस्तीस फेऱ्या झाल्या तरी अध्यक्ष ठरंना."

"मग?"

"डेलावेअर म्हणून एवढंसं राज्य. तिथल्या एकुलत्या प्रतिनिधीनं कोरी चिठ्ठी टाकली. त्याचा माणूस पडला, पण तिढा सुटला."

"आन् घरी जेवायला वाढलं का त्याला?"

तो हसला. तिनं बॅग उचलली. उद्याची खुर्ची मात्र तिची, असं ठरलं. मग रोजच काहीतरी ठरत गेलं...

अडचण गावात होती. ग्रामपंचायतीच्या अध्यक्षपदाला एकीकडं रेणुकाला वाढवणारे चुलते गुंडाप्पा, दुसरीकडं शिवराजचे वडील किशनराव. सदस्य सात-सात. गुंडाप्पांच्या सातांत रेणुकाही. कुणी फुटू नये म्हणून गुंडाप्पांनी आपल्या माणसांना सहलीला धाडलं, मोबाइल काढून घेऊन.

किशनराव हरले, तर त्या घराचा उंबरा आपल्याला कोण ओलांडू देणार? जीपमध्ये ती हेच घोकत होती.

मतदानाच्या सकाळी जीप थेट पंचायतीच्या दारात. फाटकाशी शिवराज.

"रेणुका, एक ऐक —"

"सदस्याशी बोलायचं न्हाई," गुंडाप्पांच्या माणसानं त्याला मागं सारलं.

वडलांसाठी मत मागायलाय, तिला वाटलं.

आत कागद हातात आला. काकांविरुद्ध शिक्का मारायला हात धजेना. काकांच्या नावावरही उठेना. तिनं कागद तसाच दुमडला.

किशनराव सात. गुंडाप्पा सहा. एक कोरी.

बाहेर गुलाल उडाला. गुंडाप्पा तिच्याकडं न बघता चपला घालू लागले. डावी-उजवी चुकली, तशीच घालून निघाले.

शिवराज गर्दीतून तिच्यापाशी आला.

"कोरी तुझी?"

"व्हय."

"कामून?"

"तुझ्या घरात यायचं होतं... म्हणून."

इतक्या दिवसांत हे ती पहिल्यांदाच बोलली. तो हसला नाही. सगळ्या गावासमोर त्यानं तिचा हात धरला — आणि सोडला नाही.

"सकाळी काय सांगायलतास मला?"

त्यानं लांब जाणाऱ्या गुंडाप्पांच्या उलट्या चपलांकडं पाहिलं.

आदल्या दिवशी शिवराजनं गुंडाप्पांच्या घरी जाऊन रेणुकाला मागणी घातली होती. निकाल काहीही लागो, आमचं हो आहे, असं गुंडाप्पा म्हणाले होते.