बालेकिल्ल्याचं वय

बाहेर तापीकाठचं ऊन मी म्हणत होतं आणि आत अंबव्वा कुसाळकर लाल दिव्याच्या मिणमिणत्या उजेडात मातीचं ढेकूळ खरवडत होती. सावळटेकडीच्या प्रयोगशाळेत दिवसाढवळ्या अंधार राखावा लागे. खिडक्यांना तिहेरी काळे पडदे, एकामागे एक दोन दारं, आणि मोबाइल बाहेरच्या टोपलीत.

"ही काय करते आहे?" प्रकल्प सचिव कामिनी साळगावकर यांनी विचारलं. त्या आज पाहणीला आल्या होत्या.

"साल काढतेय," डॉ. नुसरत मुजावर म्हणाली. प्रयोगशाळेतली भौतिकी तिच्याकडे होती. "आधी मूळ गोष्ट सांगते, मॅडम. वाळूचा कण म्हणजे एक बरणी समजा. जमिनीत थोडाफार किरणोत्सार असतोच. त्याच्या माऱ्यानं कणात थेंबथेंब ऊर्जा साठते. कण अंधारात आहे तोवर बरणी भरत जाते. ऊन लागलं की रिकामी."

"बरं."

"चार हजार वर्षांपूर्वी गवंड्यानं चिखल थापला, वर वीट ठेवली. चिखलातल्या कणांना अंधार झाला. त्या घटकेपासून बरणी भरायला लागली. आम्ही त्या कणांवर निळा प्रकाश सोडतो. साठलेली ऊर्जा उजेड होऊन बाहेर पडते. तो उजेड मोजला की कण किती काळ अंधारात होता ते कळतं. पूर्वी या मोजणीत शंभरदोनशे वर्षं इकडची तिकडं व्हायची. आमचा अंधारमापक महिना सांगतो."

"आणि ही साल कशाला काढायची?"

"खणून काढताना ढेकळाच्या बाहेरच्या अंगाला ऊन लागतं. ते अंग खोटं बोलतं. म्हणून बोटभर साल खरवडून टाकायची आणि गाभा मोजायचा. जगभर हीच रीत आहे."

अंबा मान वर न करता खरवडत राहिली. वयाच्या सव्विसाव्या वर्षापर्यंत ती गवंडीकाम करत होती. वडाराची पोर, विटेला धक्का न लावता वीट कशी काढावी हे पदवीवाल्यांना जमेना, म्हणून तिला इथं घेतलं. सहा वर्षांत तिनं प्रयोगशाळेतले सगळे शोधनिबंध शब्दकोश मांडीवर घेऊन वाचून काढले. तिला ते कुणी विचारलं नाही, तिनं सांगितलं नाही. शिकलेल्या लोकांचं एक बरं असतं. खरवडणाऱ्या माणसाला डोकं आहे असा त्यांना संशयही येत नाही.

बाहेरच्या दालनात भिंतभर रचनापट चालू होता. साडेसहा हजार नमुन्यांची वयं यंत्रात घातली की पुरातन शहर वीट-वीट करत पडद्यावर उभं राही. काटकोनातले रस्ते, रस्त्याकडेच्या झाकलेल्या नाल्या, दर घराला न्हाणी. उत्खननाचे संचालक डॉ. चित्तरंजन देवस्थळी हातात काठी घेऊन उभे होते.

"पाहा," ते म्हणाले, "पहिल्याच साली दोन कामं निघाली. वर उंचावर हा बालेकिल्ला आणि खाली सखल भागात नालीचं मुख. एकाच वर्षी! याचा अर्थ काय? एक मेंदू होता. कुणीतरी महान नगररचनाकार उंचावर बसला आणि त्यानं अख्ख्या शहराची आखणी केली."

साळगावकर खूश झाल्या. शेजारीच प्रतिपूर उभं राहत होतं. या पुरातन शहराची हुबेहूब प्रतिकृती, शासनाची नवी उपराजधानी. हातानं पाडलेल्या विटा, मातीचं बांधकाम, जाहिरातीतही तसंच लिहिलेलं. असं काम येणारी तीनशे वडार-बेलदार कुटुंबं सखल भागात स्वतः बांधलेल्या मातीच्या घरांत चार वर्षं राहत होती. अंबाची आई, अव्वा, हीही तिथंच, वस्तीची मुकादम.

"मग सोमवारी वस्ती हलवायला हरकत नाही," साळगावकर म्हणाल्या. "मूळ आराखड्यात मजूरवस्ती कुठंच नाही. तिथं तलाव होईल. त्यांना चौदा किलोमीटरवर पत्र्याच्या शेड दिल्यात. घरांची माती बालेकिल्ल्याच्या भरावाला जाईल."

अंबा दारात उभी होती. "सर, एक विचारू?"

"विचार की."

"एवढा बालेकिल्ला एका साली उठवायचा म्हणजे चारेक हजार हात पाहिजेत. पहिल्या साली तर एकही घर नाही. ती माणसं राहिली कुठं?"

देवस्थळी हसले. "तंबूत असतील. पुराव्यातून जे निघत नाही ते विचारू नये, अंबा."

तिनं काळा पडदा सारला आणि आत गेली.

नुसरत तिच्या मागोमाग आली. "तुझा प्रश्न बरोबर होता. मलाही ते पहिलं साल खुपतंय."

"मॅडम, इकडं या. हे बघा." अंबानं ढेकूळ दिव्याखाली धरलं. "हे बालेकिल्ल्याच्या पोटातलं. ह्यात रेघा दिसतायत?"

"गाळाचे थर असतील. पुराचं पाणी."

"पुराचा गाळ सपाट बसतो. हे थर एका बाजूला जाड, एका बाजूला पातळ. हात अर्धगोल फिरलाय. बोटांच्या खुणा बघा. मॅडम, हे सारवण आहे. शेणमातीचं. आमच्या अव्वानं जन्मभर घातलंय, मी डोळे मिटून ओळखीन."

नुसरतनं भिंग घेतलं. रेघ न् रेघ पाहिली. मग म्हणाली, "बालेकिल्ल्याच्या भरावात घराची जमीन कशी?"

"घर फोडून टाकलं तर येईल की! भराव घालणाऱ्यानं नवा चिखल कालवलाच नाही. फोडलेली ढेकळं तशीच लोटली. कालवला असता तर सगळ्या कणांना ऊन लागलं असतं. पण ढेकळाच्या पोटात ऊन कसं जाईल?"

नुसरतनं भिंग खाली ठेवलं. "म्हणजे गाभा घराचं वय सांगतोय. बालेकिल्ल्याचं नाही."

"आणि घर फुटलं तेव्हा ऊन लागलं ते सालीला. म्हणजे बालेकिल्ल्याचं वय सालीत. ती तर मी सहा वर्षं खरवडून टाकतेय. रीतसर."

मग नुसरतला हसू फुटलं. "जगभरची रीत! अंबा, आपण अगदी काळजीपूर्वक, कष्ट उपसून, नेमका पुरावाच फेकत आलोय गं."

काम चार दिवस चाललं. बालेकिल्ल्याच्या पोटातून नवा मोठा ठोकळा अंधारातच काढला, जाड काळ्या कापडाखाली. त्यातली ढेकळं लाल दिव्यात एकेक सुटी केली. या ढेकळांच्या साली चार हजार वर्षांत कुणीच उघड्या केल्या नव्हत्या. चाळीस ढेकळं, प्रत्येकाची साल वेगळी मोजली, गाभा वेगळा. गाभ्यांनी आधीसारखंच शहराचं पहिलं साल सांगितलं. साली एकमुखानं बोलल्या, एकशे एक्केचाळिसावं साल, चैत्र.

"तुमच्या दिव्याचा उजेड लागला असेल," देवस्थळी ताडकन म्हणाले.

"लागला असता तर चाळीस साली चाळीस वयं बोलल्या असत्या, सर," नुसरत म्हणाली. "अपघात एवढा शिस्तीत होत नाही."

त्यांनी आकडे पुन्हा पाहिले. मग खुर्ची ओढून बसले. माणूस गर्विष्ठ होता पण चोर नव्हता. "चालवा रचनापट," ते म्हणाले.

पडद्यावर रिकामी नदीकाठची जमीन आली. सखल कोपऱ्यात विटांचं एक तोंड उघडलं. तिथून नाली चढणीला निघाली, हातभर, दोन हात. नाली जिथवर पोचली तिथवरच घरं उठली, त्यापुढं एकही नाही. नाली सरळ म्हणून रस्ता सरळ. आडवी उपनाली काटकोनात मिळाली, तिथं चौक. एकशे चाळीस वर्षं शहर खालून वर वाढत राहिलं. बालेकिल्ला कुठंच नव्हता. तो अगदी शेवटी आला, आणि त्यानंतर नवव्या वर्षी शहर ओस.

"पण आखलं कुणी?" देवस्थळी पडद्याच्या अगदी जवळ गेले. त्यांच्या आवाजात राग नव्हता. लहान मुलासारखं कुतूहल होतं. "अंबा, तू गवंडी. सांग."

"नाली कधी वरून बांधत नाहीत, सर. पाणी जिथं बाहेर पडणार तिथं पहिली वीट. मग उतार धरत मागं मागं यायचं. वरून सुरू केली तर खाली पोचेस्तोवर उतार संपतो, पाणी घरात. म्हणून बांधणारे आधी मुखापाशी राहिले. आणि नियम एकच असणार, नाली उंबऱ्याला आल्याशिवाय घर नाही. वीट सगळ्यांची एका मापाची, म्हणून कुणाचंही काम कुणाच्याही कामाला जुळतं. वर बसून आखायला लागतंय कशाला?"

"राजा नाही, रचनाकार नाही..."

"उतार होता की."

शुक्रवारी प्रकल्प समितीपुढं हे सगळं मांडलं गेलं. देवस्थळींनी स्वतः उभं राहून स्वतःचाच सिद्धांत मोडला. अंबाला तेवढं त्यांचं कौतुक वाटलं. साळगावकरांनी शांतपणे ऐकून घेतलं.

"म्हणजे त्या लोकांनी मजूरवस्ती फोडून बालेकिल्ला उभा केला?"

"होय."

"मग आपण वेगळं काय करतोय?" त्या म्हणाल्या. "उलट आता तर आपला आराखडा शंभर टक्के अस्सल ठरतो. सोमवारचं काम ठरल्याप्रमाणे."

पुरावा म्हणजे न्याय असं ज्याला वाटतं त्यानं एकदा तरी शासकीय बैठकीत बसावं.

अंबा तडक वस्तीवर गेली. अव्वा अंगणात तगारी पालथी घालून बसली होती. अंबानं रागारागात सगळं सांगितलं. अव्वा रडेल, शिव्या देईल असं तिला वाटलं होतं. अव्वानं वेगळंच विचारलं.

"अंबे, त्या ढेकळांवर शेवटचं सारवण कवाचं?"

"म्हणजे?"

"अगं, नांदत्या घरात बाई आठ दिसाला सारवती. घर फोडलं चैतात. मग शेवटचं सारवण फागणातलं पाहिजे. हाय का?"

अंबानं मनातल्या मनात थर मोजले. नवं सारवण घातलं की जुन्या थराला अंधार होतो. म्हणजे सगळ्यांत वरच्या थराच्या खालचा थर मोजला, की शेवटचा हात कधी फिरला तो महिना कळतो. हा प्रश्न प्रयोगशाळेत कुणाला सुचला नव्हता. तिला स्वतःलाही नाही. तिथं सारवणाऱ्या होत्याच किती?

शनिवारी दुपारी उत्तर आलं. एकशे चाळिसावं साल, आश्विन. चाळीसही ढेकळांवर.

"सहा महिने," नुसरत पुटपुटली. "सहा महिने त्या घरांत कुणी सारवलं नाही. अंबा, घरं फोडली तेव्हा रिकामी होती! कुठं गेले हे लोक?"

"नदीच्या वरच्या अंगाला पिंपरीच्या टेकाडात दुसरं जुनं शहर निघालंय ना? त्याचे नमुने कपाटात पडलेत. तिथल्या नालीचं मुख काढा."

मुखाचं वय होतं, एकशे अडतिसावं साल. शेवटच्या सारवणाच्या दोन वर्षं आधीचं.

रविवारी सकाळी अंबानं ते अव्वाला सांगितलं तेव्हा म्हातारी खळखळून हसली.

"दोन वरसं लागली व्हय त्यास्नी? आळशी मेले! आपल्याला चारच म्हयने लागले."

"काय चार महिने?"

"पत्र्याच्या शेडांची नोटीस चार म्हयन्यामागं आली. शिरोळ्याच्या माळावर आपल्या सोसायटीला जागा हाय. पाळीपाळीनं जातोय आम्ही. मुख झालं, नाली निम्म्यावर आली. तुला सांगितलं न्हाई. तू तिकडची नोकर, उगं दोन्हीकडनं तुझी वढाताण." अव्वा उठली. "चल, हात लाव. ती उंबऱ्याची फळी काढू."

सोमवारी सकाळी आठला यंत्रं आली. वस्तीत अंबाखेरीज चिटपाखरू नव्हतं. दारं नव्हती, चौकटी नव्हत्या, नुसत्या मातीच्या भिंती उभ्या. साळगावकर गाडीतून उतरल्या. त्यांच्या मागं देवस्थळी, हातात नुसरतनं दिलेला कागद. तो त्यांनी तीनदा वाचला असावा.

"अंबा, म्हणजे त्यांना कुणी उठवलंच नाही," ते हळूच म्हणाले. "तेच आधी नवं मुख बांधून उठून गेले."

"होय सर. बहुतेक वरच्या अंगाला नाली येण्याआधीच घरं मागायला लागले असतील. नियम मोडायला निघाले की घरात शिरणारं पाणी गवंड्याला आधीच दिसतं."

"आणि मागं राहिलेले?"

"त्यांना उतार काढता येत नव्हता. रिकामी घरं तेवढी होती. ती फोडली आणि एकावर एक टाकली."

देवस्थळींनी कागदाची घडी केली. "चाळीस वर्षं मी त्या ढिगाला बालेकिल्ला म्हणत आलोय."

"हे सगळं नंतर," साळगावकर कडाडल्या. "पावसाळ्याआधी जोतं उठायला हवं. मला एवढंच सांगा, हे गवंडी परत कधी येणार?"

"येणार नाहीत, बाई," अंबा म्हणाली.

"मग बालेकिल्ला कोण रचणार?"

अंबानं भिंतीला टेकवलेला अव्वाचा ओळंबा उचलला, दोरी गुंडाळून पिशवीत टाकला.

"तुम्हीच रचा," ती म्हणाली. "हुबेहूब होईल. त्याही बालेकिल्ल्यावर एकसुद्धा गवंडी नव्हता."