भिंतीतून येणारं पाणी

त्या सकाळी आकाशातून काळी राख पडत होती आणि व्हेनेरा नेमकी छत्री विसरली होती.

एटना रात्रभर खोकत होती. ज्वालामुखीच्या पायथ्याशी जन्मलेल्या पोरीनं अशा दिवशी छत्री विसरावी म्हणजे कमालच! पण तिचं लक्ष होतं कुठे? समुद्रात घुसलेल्या काळ्या खडकावरचा नॉर्मन किल्ला आज शाळेची मुलं पाहुण्यांना दाखवणार होती, आणि बुरुज तिच्या वाट्याला आला होता. वर्गात उभं राहिलं की गेल्या वर्षापर्यंत जिचा आवाज घशातच बसायचा, तिच्या वाट्याला!

किल्ल्याच्या पायऱ्यांवर ती केसांतली राख झटकत होती, तोच डोक्यावर एक भलीमोठी छत्री आली.

"राणीसाहेब, न्याहारीला राख का?"

यानो! मोजणी-बांधकाम शिकवणाऱ्या शाळेतला. महिनाभर त्या शाळेचा आणि तिच्या लॅटिन शिकवणाऱ्या शाळेचा सराव एकत्र चालला होता, पण हा इतक्या जवळ कधी... त्याच्या भुवईवरही राख बसली होती.

"फूटपट्टीवाल्यांनी आपलं तळघरातलं पाण्याचं टाकं सांभाळावं," ती म्हणाली.

"सांभाळलंय की. लॅटिनवाल्यांनी येऊन बघावं. महिनाभर गाळ उपसलाय मी. आता कमानी पाण्यात अशा दिसतात, की वरची खरी का खालची, सांगता येत नाही."

"आणि ती तुझी लाडकी नळी?"

यानोचं हसू विरलं. बुरुजाच्या भिंतीतून एक मातीची नळी थेट तळघरातल्या टाक्यात येते, हे त्यानं मापं घेऊन काढलं होतं. पण सराव घेणाऱ्या मिकेला बाईंनी बजावलं होतं — नळी केव्हाच बुजली असणार, पुराव्याशिवाय पाहुण्यांपुढे एक शब्द काढायचा नाही.

"नाही सांगणार," तो हळूच म्हणाला. "पण विचार कर ना... किल्ला बांधला तेव्हा मालक नॉर्मन, गवंडी अरब, प्रार्थना म्हणणारा पाद्री ग्रीक. एकमेकांची भाषा धड येत नसेल. तरी बुरुजावर पडलेला थेंब कुठे जाईल, हे त्यांनी मिळून ठरवलं. कुणीतरी भिंतीच्या पोटात नळी ठेवली, वर दगड रचले... आणि कुणाला कधी दिसणारही नाही असं काम करून निघून गेला."

व्हेनेरानं त्याच्या बोटांकडे पाहिलं. गाळ उपसून नखं काळी झाली होती.

"घे," छत्री तिच्या हातात देऊन तो खाली पळाला.

वर गेली तर बुरुजाची गच्ची काळीकुट्ट. पाहुणे येण्याच्या बेतात. राख कोरडीच झाडायची, ओली केली की चिखल होतो, हे इथलं शेंबडं पोरही जाणतं. पण झाडू कुणीतरी खाली नेलेला, आणि कोपऱ्यात पाण्याचं पिंप भरलेलं...

व्हेनेरानं बादली ओतली. समुद्राकडच्या कोपऱ्यात पाणी तुंबलं. तिथे एक भोक होतं, जुन्या पाल्यानं बुजलेलं. तिनं छत्रीचं टोक खुपसलं. गुडुप्! पाल्याचा बोळा गेला आणि काळं पाणी गटागटा आत उतरलं. किती छान! तिनं आणखी बादल्या ओतल्या. गच्ची लख्ख झाली.

आणि खालून कुणीतरी ओरडलं.

ती धावत तळघरात पोहोचली. टाक्यातलं पाणी शाईसारखं झालं होतं. एकही कमान दिसत नव्हती. यानो काठाशी गुडघे टेकून बसला होता, पाठमोरा.

राख वाऱ्यानं आली असेल, असं म्हणता आलं असतं. एटनावर काय, काहीही ढकलता येतं.

"यानो... मी केलं. वर पाणी ओतलं मी."

त्यानं काळ्या पाण्यात बोट बुडवलं.

"बोल ना काहीतरी. शिव्या दे हवं तर..." तिच्या डोळ्यांत पाणी आलं. हा आता कधीच बोलणार नाही आपल्याशी, कधीच!

"कुठे ओतलंस?"

"अं?"

"कुठल्या कोपऱ्यात, व्हेनेरा?"

"समुद्राकडच्या. तिथे भोक आहे ना, बुजलेलं..."

तो ताडकन उठला. समोरच्या भिंतीत एक अंधारं तोंड होतं; त्यातून अजून काळे थेंब गळत होते. "महिनाभर बघतोय मी त्या तोंडाकडे. टिपूस आला नव्हता!" त्यानं भिंतीकडे बोट केलं. "जिवंत आहे गं ती! माझी नळी जिवंत आहे!"

आणि त्यानं तिचे दोन्ही हात धरले. धरले ते... सोडायचे विसरला.

मिकेला बाई आल्या. त्यांनी काळं पाणी पाहिलं, मग भिंतीतून गळणारे थेंब, मग ते हात.

"हात सोडा," त्या म्हणाल्या. "आणि यानो, पाहुण्यांना नळीचं सगळं सांग. सगळं."

ठरलं असं, की पाहुणे टाक्याशी जमले की व्हेनेरानं वरून स्वच्छ पाण्याची घागर ओतायची. तिनं ओतली. आत, खोल, कुठेतरी झुळझुळ झाली... आणि भोकातून चक्क माणसांचा आवाज वर आला. "वा!"

व्हेनेरा थबकली. मग कपड्यांची पर्वा न करता ओल्या दगडावर पालथी पडून तिनं भोकाला कान लावला. यानो बोलत होता. "वर कोण काय ओतेल, हे त्या गवंड्याला ठाऊक नव्हतं. त्यानं फक्त वाट करून ठेवली..."

त्याच्या तोंडावर हे कधी जमलं नसतं. पण इथे फक्त दगड होता, समुद्र होता, आणि एक अंधारी वाट.

"यानो," ती भोकात म्हणाली, "मला तू आवडतोस. नळीमुळे नाही. आधीपासून. तुला...?"

खालून कुणीतरी खुदकन हसलं.

अरे देवा! सगळे तिथेच उभे होते की! तिनं दोन्ही हातांनी तोंड झाकलं. तेवढ्यात भिंतीतून एका म्हातारीचा खणखणीत आवाज आला.

"अगं पोरी, याचे कान लालबुंद झालेत, पण शब्द फुटेना! आम्ही काय समजायचं?"

हशा पिकला. मग अगदी जवळून, नळीला तोंड लावून बोलावं तसं, "व्हेनेरा... खाली ये. नको, नको, थांब तिथेच! मीच येतो वर!"

आणि त्याच्यामागे टाळ्यांचा कडकडाट दगडांच्या पोटातून चढत चढत तिच्या गालापर्यंत आला.