बारशातलं कुर्रर्र

नादगावात दारं करकरत नसत, कुणी घोरत नसे आणि बारशाला आत्या बाळाच्या कानात ‘कुर्रर्र’ करत नसे. पहिल्या दोन गोष्टींशी द्वारकाअक्काने जुळवून घेतलं होतं. तिसरी तिच्या घशाखाली उतरत नव्हती.

दूरच्या एका चंद्राच्या पोटात, नादशिला नावाच्या खडकात कोरून हे गाव वसवलेलं होतं. या खडकाची एक खोड होती. त्याचा स्वतःचा एक मूळ स्वर होता. त्याच्या दुप्पट, तिप्पट, चौपट कंपनांचे स्वर गावात घुमत राहिले की खडकाचे कण एकमेकांना घट्ट धरून राहत. अधलामधला आवाज झाला की ती पकड सैल होई. या चालणाऱ्या स्वरांच्या रचनेला स्वरजाळी म्हणत. सगळ्या गावाने जाळीतच बोलावं म्हणून शास्त्रज्ञांनी सोपी युक्ती काढली होती. मूल जो आवाज कधी ऐकत नाही, तो त्याच्या गळ्यातूनही निघत नाही. म्हणून बारशालाच कान टोचून बाळी घालायची. बाळीतलं यंत्र फक्त जाळीतले स्वर मेंदूकडे सोडी आणि पुढे बाळी काढली तरी मेंदूला दुसरे आवाज ओळखता येत नसत.

द्वारकाअक्का मोठेपणी पृथ्वीवरून आलेली, त्यामुळे तिला बाळीचा उपयोग नव्हता; तिचा धाकटा भाऊ मात्र इथेच जन्मलेला, बाळी घातलेला. जाळीत बोलायचं तिने नेटाने शिकून घेतलं होतं. पण राग आला की आवाज जाळीबाहेर घसरे आणि समोरच्याला अर्धंच वाक्य ऐकू येई.

आज भाचीच्या बारशाला ती रागातच आली होती.

“छत करकरतंय, डॉक्टर. किती दिवस सांगतेय.”

नादशास्त्र विभागाचे डॉ. घैसास बाळी घालायला आले होते. माणूस वाईट नव्हता. “अक्का, सगळी यंत्रं लावून पाहिली. छत शांत आहे.”

“यंत्रं बनवली कुणी?”

“आम्हीच.”

“मग त्यांच्याही कानात बाळ्याच असणार.”

घैसास हसले. “जाळीबाहेरचं मोजायचं कशाला? तसा आवाज करणारं तुमच्याशिवाय आहे कोण इथे? आणि खडक तर जाळीतच वाजतो.”

“मोडतानासुद्धा?”

अक्काचा आवाज घसरला होता. “काय सुद्धा?” घैसासांनी नम्रपणे विचारलं.

तिने कपाळाला हात लावला. एकटीलाच ऐकू येत असतं तर तिने स्वतःलाच वेड्यात काढलं असतं. पण ही पोर जन्मली आणि प्रत्येक करकरीला तीही दचकू लागली. आज तिच्या कानात बाळी गेली की गावाला सावध करणारं दुसरं कुणी उरणार नव्हतं.

“वन्सं, नाव ठेवा ना,” भावजय हेमांगी म्हणाली. “मंजुळा. किती गुणाची आहे बघा. एकदासुद्धा रडली नाही. पाळण्यावरचा दिवा लागतो तेव्हा कळतं, भूक लागलीय.”

पोर त्या क्षणी बेंबीच्या देठापासून रडत होती.

अक्काने तिला उचललं, कानाशी ओठ नेले आणि गळ्यातली होती नव्हती ती सगळी खरखर एकवटून ‘कुर्रर्र’ केलं. पृथ्वीवर अशा वेळी बायका आत्याच्या पाठीत धपाटे घालत. इथे कुणाला काही कळलंच नाही. मंजुळा मात्र गप्प झाली आणि डोळे विस्फारून आत्याकडे बघत राहिली.

घैसास सुई घेऊन पुढे आले.

“बाळी घालायची नाही,” अक्का म्हणाली. या वेळी तिने राग गिळला आणि प्रत्येक शब्द जाळीत नेमका बसवला. सगळ्यांना ते पुरतं ऐकू आलं. “जिवात जीव आहे तोवर घालू देणार नाही.”

मंजुळाने पुन्हा भोकाड पसरलं. अक्काने हेमांगीचा हात ओढून पोरीच्या छातीवर ठेवला.

“अगंबाई, ही थरथरतेय का अशी?”

“रडतेय. जन्मल्यापासून रडतेय.”

हेमांगीचा चेहरा उतरला.

“म्हणूनच बाळी हवी,” घैसास समजुतीने म्हणाले. “मग तिचं रडणंही हळूहळू जाळीत येईल. तुम्हाला ऐकू येईल.”

हेमांगीने बाळीकडे पाहिलं. लेकीचा आवाज ऐकायला कुठल्या आईला नको असतं? तिचा दुसरा हात पुढे झालासुद्धा.

तेवढ्यात छत करकरलं. सभागृहात पेढे वाटणं चालूच होतं. अक्काने वर पाहिलं. त्याच क्षणी मंजुळा दचकली, ते हेमांगीच्या तळव्याला कळलं आणि तिनेही वर पाहिलं. छतातून बारीक भुकटी गळत होती. घैसासांनी ती बाहीवरून सवयीने झटकली.

“डॉक्टर, बाळी परत न्या,” हेमांगी म्हणाली.

“मग मुलीचं रडणं तुम्हाला कधीच ऐकू यायचं नाही.”

“माहीत आहे.”

मंजुळा रडत होती. हेमांगीने तिच्या छातीवरचा हात काढला नाही.