नाव घेऊन हाक

हे घडलेलं आहे. ज्याला खोटं वाटेल त्यानं आरमोरीला जाऊन तौसीफला विचारावं. मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे त्याचं. तो सांगणार नाही काही, पण त्याचं तोंड कसं उतरतं ते तरी दिसेल.

आणि रात्रबित्र नव्हती बरं. गेल्या उन्हाळ्यात, मोहफुलांच्या दिवसांत, भर सकाळी घडलं.

तौसीफला एका जपानी गेमचं भारी येड. त्यात मारामारी नाही. चित्र असतं, खाली गोष्ट लिहून येते, आणि मधेच गेम विचारतो, आता काय करायचं? दोन पर्याय. दाबाल तशी गोष्ट वळते. मोबाईलचा कॅमेरा लॅपटॉपसमोर धरून भाषांतर वाचायचं.

सोबतीला दुकानात काम करणारा चंदन, जंगलातल्या गोंड गावचा. गेमनं नायिकेचं नाव विचारलं, तेव्हा त्यानं आपल्या नव्या नवरीचंच टाकलं.

प्रिया.

दोघं पोट धरून हसले होते.

दीड वर्षानं त्या गेमचा पुढचा भाग आला. एव्हाना प्रियाला मुलगी झाली होती. गुड्डी, चार महिन्यांची.

नव्या भागात तीच नायिका, प्रियाच, टोपली घेऊन जंगलात शिरली. चित्रातलं झाड पाहून चंदन पुढं वाकला. मोहाचं झाड होतं ते.

पर्याय आले. नाव घेऊन हाक मारा. किंवा, वाट पाहा.

चंदननं तौसीफचा हात धरला. त्यांच्या गावात जंगलात कोणी कोणाचं नाव घेत नाही. नुसतं ‘कूऽऽ’ करतात. जंगलाला नाव कळू द्यायचं नसतं.

"नको दाबू भाऊ. प्रिया आता मोहफुलं वेचून राह्यली."

"अबे, गेम आहे ना हा," म्हणत तौसीफनं दाबलं.

स्पीकरमधून बाईचा आवाज आला…

"ओऽऽ"

मग पडद्यावर नुसतं जंगल उरलं. नायिका नाही. खाली एक अक्षर नाही.

थोड्याच वेळात चंदनच्या आईचा, कलाबाईचा फोन आला. सगळ्या बाया मोहफुलं वेचत होत्या. प्रिया एकाएकी ‘ओ’ म्हणून उठली आणि झाडीत चालत गेली. हाक दुसऱ्या कोणीच ऐकली नव्हती. टोपली तिथंच होती. घरी गुड्डी दुधासाठी रडत होती.

चंदन धावत सुटला. सारा गाव जंगल धुंडाळू लागला.

तौसीफ दुकानात एकटा. गेममध्ये चूक झाली की माणूस काय करतो? मागचा सेव्ह, म्हणजे आधी जिथवर खेळून जपून ठेवलं ती जागा, उघडतो. त्यानं आजचा उघडला… नुसतं जंगल. उरला एकच, दीड वर्षापूर्वीचा, पहिल्या भागातला. तो उघडला.

नायिका दारात उभी होती. हसत.

दुपारी प्रिया घरी आली. चालत. लुगड्याला काटासुद्धा लागलेला नाही. कलाबाईनं रडत रडत गुड्डीला तिच्या मांडीवर ठेवलं.

प्रियानं पोरीकडे पाहिलं. मग चंदनकडे.

"हे कोणाची पोरगी व्हय?"

भ्याली असेल, असं वाटलं सगळ्यांना. पण तिला लग्न आठवत होतं, सासर आठवत होतं. पुढचं काहीच नाही. अंगावर दूध नव्हतं. पोटावर बाळंतपणाची खूण नव्हती. डॉक्टरीण म्हणाली, या बाईला मूल झालेलंच नाही.

आता गुड्डी बाटलीनं दूध पिते. प्रिया तिला पाहुण्यांच्या पोरीसारखी सांभाळते, जपूनच.

चंदननं दुकानातलं काम सोडलं, पण तौसीफकडून जुन्या सेव्हचं कळल्यापासून अधूनमधून येतो. एकच बोलतो.

"त्या दिवशीचा सेव्ह उघड भाऊ. माह्या पोरीची माय त्याच्यात आहे."

आणि उघडला, तर घरातली प्रिया कुठी जाईल? जंगलातली परत येईल तरी का? तौसीफला उघडवत नाही. पुसून टाकवतही नाही.

परवा त्यानं सेव्हची यादी तेवढी काढली. त्या जंगलाच्या इवल्याशा चित्रावर नुसता माउसचा बाण नेला. दाबलं नाही.

स्पीकरमधून फार बारीक आवाज आला…

कोणीतरी गोंडीत अंगाई म्हणत होतं. मधेच थांबत होतं, गुड्डीला हाक मारत होतं.

चंदनला त्यानं हे अजून सांगितलेलं नाही.