व्हायोलेट आंटीचा ओक

दार लोटून घे, नाथन. फर्नेस घरघरतोय आणि माझा घसा म्हातारा आहे. लिओरा, तो फोन पालथा ठेव. भुतंबितं मी मानत नाही. पण ही गोष्ट माझ्या मावसभावाची, आर्येची आहे, आणि शेवटचा भाग मी स्वतः पाहिलाय.

आर्ये राहतो व्हिक्टोरियाला, कॅनडाच्या दुसऱ्या टोकाला, पार पॅसिफिकच्या काठावर. चौदा ऑक्टोबर, दोन हजार चोवीस. सोमवार, थँक्सगिव्हिंगची सुट्टी. दुपारी तो समोरच्या जयदीपकडे करवत मागायला गेला, एवढंच काम. बुधवारी संध्याकाळी सुक्कोथ, आपला मांडवाचा सण, लागत होता, अंगणात सुक्काचे, म्हणजे त्या मांडवाचे, खांब उभे होते, छप्पर तेवढं राहिलं होतं.

सुक्का झाडाखाली चालत नाही, हे तुम्हाला कुणी शिकवलंय? वाटलंच. छप्पर कापलेल्या फांद्यांचं हवं, डोक्यावर जिवंत झाड नको. आणि आर्येच्या अंगणावर कुंपणापलीकडून एक जाडजूड फांदी आडवी आली होती. शेजारच्या व्हायोलेट आंटीच्या ओकची.

हा ओक आपल्या इथल्या, व्हिटबीतल्या ओकसारखा नव्हे. आपले थंडीत बोडके होतात. तो कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावरचा, बारा महिने हिरवा, पानं लहान, कडक, कडेला काटे. आंटी मूळच्या रेवदंड्याच्या, आपल्यासारख्याच बेने इस्राएल, कोकणातल्या यहुदी. लग्नानंतर कॅलिफोर्नियात होत्या. तिथे त्यांचा नवरा एलिझा समुद्रात बुडाला. देह मिळालाच नाही. वाळूवर कोट राहिला होता, त्याच्या खिशात या ओकच्या चार बिया. त्यातली एक आंटींनी व्हिक्टोरियात लावली. म्हणायच्या, "माझ्या एलिझाला कबर नाही. हाच माझा एलिझा."

ऑगस्टमध्ये आंटी गेल्या. हॉस्पिटलात आर्येला जवळ बोलावून म्हणाल्या, "झाडाला करवत लागता कामा नये. शब्द दे." आर्ये म्हणाला, "एलियाहू हनाबीची शपथ, आंटी." आपल्यात त्या प्रेषिताच्या शपथेहून मोठी शपथ नाही.

मग कापायची कशी? आर्ये दातांचा डॉक्टर, हुशार माणूस. हुशाराला पळवाट लवकर सापडते. आदल्याच शुक्रवारी किप्पूरची, प्रायश्चित्ताच्या उपासाची रात्र होती, कोल निद्रे ही प्रार्थना म्हटली होती, आणि तिच्यात सगळे नवस, सगळ्या शपथा रद्द होतात. बायकोला म्हणाला, "गुंजन, सगळं कॅन्सल झालंय. टेक्निकली आय ॲम फ्री."

गुंजन नागपूरची. ती म्हणाली, "अरे, पण बाईंना विचारलंस का?"

"बाई वारल्या!"

"म्हणूनच तर म्हणते."

मला अजून राग येतो. अरे, कोल निद्रे देवाला दिलेल्या शब्दासाठी असतं! माणसाला दिलेला शब्द त्या माणसाकडूनच सोडवून घ्यावा लागतो. पाचला त्याने फांदी पाडली, तिच्याच डहाळ्या छपरावर टाकल्या आणि साडेसातला मला फोन केला. "निसिम, एका दगडात दोन पक्षी! आठ दिवस पान गळणार नाही." मी रागाने फोन आपटला. आपटायला नको होता. बोलत राहिलो असतो, तर तो एकटा सुक्कात गेला नसता.

गुंजन मुलांना घेऊन मैत्रिणीकडे जेवायला गेली. सात चाळीसला आर्ये सुक्कात लाइट्सच्या माळा लावत होता. आकाश स्वच्छ. डहाळ्यांमधून चंद्र दिसत होता.

तो प्लग लावायला वाकला. उठून वर पाहिलं.

चंद्र नव्हता.

पानंच पानं. मघापेक्षा दाट. मघापेक्षा खाली.

वारा नव्हता. तरी पानं हलत होती. टेबलावर थेंब पडला. दुसरा पडला. तिसरा त्याच्या ओठावर.

खारट.

मग आवाज आला. वरून. पुरुषाचा. तोंडात पाणी भरल्यासारखा...

"हात दे..."

मराठीत. व्हिक्टोरियात मराठी बोलणारा दुसरा कोण? आर्येला वाटलं, जयदीप करवत न्यायला आला आणि कुंपणावर अडकला. "जयदीप? कुठे आहेस?"

"हात दे रे..."

आपल्याकडे कुणी हात मागितला की माणूस विचार करत नाही. आर्येने उजवा हात पानांत घातला.

कुणीतरी धरला.

गार. ओला. घट्ट.

ओढून पाहिलं... सुटेना.

आणि कानाशी, अगदी जवळ, हॉस्पिटलातला तो ओळखीचा आवाज.

"सोडू नकोस, एलिझा."

...

तो मदत मागत नव्हता, पोरांनो. कापलेला हात परत मागत होता.

नऊला गुंजन आली. आर्ये तसाच उभा होता, हात वर, डोळे उघडे. तिने कमरेला मिठी मारून त्याला खाली ओढलं. अंगावर एक ओरखडा नाही. एक्स-रे झाला, एमआरआय झाला, सगळं नॉर्मल. पण त्या हाताची मूठ अजून वळत नाही. कॅनडात डॉक्टरकी करायला तो सहा वर्षं परीक्षा देत होता. ते लायसन्स आता भिंतीवर टांगलंय. मुलीच्या बुटाची लेसही त्याला बांधता येत नाही.

काय म्हणतेस, लिओरा?

"अंकल, इट वॉज प्रॉबेब्ली अ स्ट्रोक."

असेल. डॉक्टरही आधी तेच म्हणाले होते.

मी बुधवारी सकाळी पोचलो. हॉस्पिटलात गुंजन म्हणाली, आर्येच्या उजव्या मनगटावरचं घड्याळ कुठे सापडत नाहीये. सुक्कात शोधलं, गवतात शोधलं. मग जयदीपने शिडी लावली आणि मी कापलेल्या जागेपर्यंत चढलो.

तिथे नवी फांदी फुटली होती. दीड दिवसात... मनगटाएवढी जाड.

तिच्यावर आर्येचं घड्याळ होतं. बक्कल लावलेलं. पट्टा सालीत रुतलेला, वरून साल वाढलेली, वीस वर्षं तिथेच असावं तशी.

मी कान लावला.

चालू होतं.