टीव्हीवरचं संत्रं

आखातातल्या झिंज भागात जमीला राहायची त्या बिल्डिंगमध्ये वरच्या मजल्यावर व्हिएतनामी कुटुंब राहायला आलं, तेव्हा ती त्यांना घावणे द्यायला गेली होती. तिथे भिंतीशी एका म्हातारीचा फोटो होता आणि त्याच्यापुढे एक संत्रं. ही कोण, असं जमीलाने खुणेनेच विचारलं. मुलांच्या बापाने आभाळाकडे बोट दाखवलं.

त्या शुक्रवारी ती नवरा-बायको सलमानिया इस्पितळात दाढ दाखवायला गेली आणि त्यांची मुलं, थाओ व तिचा धाकटा भाऊ, जमीलाकडे आली. जमीलाला सातवा महिना होता. आधीची दोन्ही राहिली नव्हती, म्हणून या खेपेला ती पाऊलसुद्धा जपून टाकत होती. मुलगी झाली तर मेहरीन, हे तिने नवऱ्याला, मुख्तारलाही सांगितलं नव्हतं. न जाणो, दृष्ट लागायची.

ड्यूटीवर जाताना मुख्तार मुलांसाठी कार्टूनची कॅसेट ठेवून गेला होता. एक कुटुंब होडीत बसून पुढच्या काळात जातं, एवढं चित्रांवरून कळत होतं. बोलणं कुठल्या भाषेतलं ते अल्ला जाणे, आणि खाली अक्षरं अरबी. लहानपणी कुराण वाचायला शिकलेल्या जमीलाला अक्षरं ओळखता येत होती. अर्थाच्या नावाने आनंद. मुलांना तर तेवढंही येत नव्हतं. तरी थाओ हसायची, ती गंमत घडायच्या आधीच.

"आधी बघितलंस काय गो?" जमीलाने विचारलं. थाओने उत्तर दिलं, पण व्हिएतनामीत.

होडी एका घराशी लागली. दारात फ्रॉक घातलेली एक मुलगी उभी होती. थाओने पडद्याकडे बोट केलं, मग जमीलाच्या पोटाकडे.

"मेहरीन," ती म्हणाली.

जमीलाच्या हातातली संत्र्यांची बशी कलंडली. पोरीला हे नाव कळलं कुठून? थाओने हाताने मुलीची उंची दाखवली, पाठीवर दप्तर असल्याची खूण केली. म्हणजे मूल जगणार होतं! शाळेत जाणार होतं! जमीलाला रडूच फुटलं.

"आनि मी?" तिने स्वतःच्या छातीवर हात ठेवला. "मी खंय हाय?"

पडद्यावर त्या घराच्या खोल्या एकामागून एक दिसत गेल्या. थाओने सगळ्या बघितल्या. मग मान खाली घातली.

बेल वाजली. बाप न्यायला आला होता.

निघताना थाओने जमिनीवरचं एक संत्रं उचललं. टीव्हीवर जमीलाचा लग्नाआधीचा फोटो होता. त्याच्यापुढे तिने ते नीट ठेवलं. दोघा भावंडांनी हात जोडून मान लववली.

बाप दारातच थिजला. जमीलाकडे न बघता त्याने मुलांना ओढत नेलं.

पोटात मेहरीन जोरजोरात लाथा मारत होती.